टोनर संपला, असं कोण म्हणतं?



मी इंदूरला प्रिंटर दुरुस्तीचं आणि टोनर भरून देण्याचं काम करतो. आजचा विषय काहींना फार बारीक वाटेल. लेझर प्रिंटर, त्याचं कार्ट्रिज, कार्ट्रिजवर चिकटवलेली नखाएवढी चिप आणि प्रिंटरच्या पोटात चालणारा एक प्रोग्रॅम. पण या बारीक गोष्टीत एक मोठा प्रश्न आहे. आपण पैसे मोजून आणलेली वस्तू कधी चालेल आणि कधी थांबेल, हे ठरवायचं कोणी?

एका खऱ्या घटनेपासून सुरुवात करतो. २०२२ चा जानेवारी महिना. जगभर सेमीकंडक्टरची टंचाई होती. गाड्यांचे कारखाने चिपांसाठी अडले होते, तसे प्रिंटरवालेही अडले. कॅनन कंपनीला आपल्या काही ऑफिस कॉपियरच्या टोनर कार्ट्रिजवर बसवायला चिपा मिळेनात. मग कंपनीनं चिप नसलेलीच कार्ट्रिजं विकायला काढली, आणि युरोपातल्या ग्राहकांना कळवलं, की मशीन इशारा देईल, तो बंद करा आणि छपाई चालू ठेवा. छपाईच्या दर्जावर काही परिणाम होणार नाही. टोनर किती उरलाय ते मात्र नीट दिसणार नाही.

आमच्या धंद्यातल्या माणसाला ही बातमी वाचून काय वाटलं असेल, बघा. आम्ही गिऱ्हाइकांना वर्षानुवर्षं जे सांगत आलो, ते बनवणाऱ्या कंपनीनंच सांगून टाकलं. कागदावर अक्षर उमटवायला चिप लागत नाही.

मग कागदावर अक्षर उमटवायला लागतं काय?

१९३८ साली चेस्टर कार्लसन नावाच्या माणसानं न्यूयॉर्कमध्ये कोरड्या पुडीनं पहिली प्रतिमा उमटवली. आजचा लेझर प्रिंटर त्याच तत्त्वावर चालतो. कार्ट्रिजमध्ये एक ड्रम असतो, बहुधा हिरवट किंवा निळसर. एक रोलर त्याला विद्युतभार देतो. लेझरचा किरण त्या ड्रमवर अक्षरांच्या जागा आखतो. मॅग्नेटिक रोलर काळी पूड उचलून ड्रमजवळ आणतो, आणि डॉक्टर ब्लेड नावाची पट्टी त्या पुडीचा थर सारखा करते. पूड अक्षरांच्या जागी चिकटते, तिथून कागदावर येते, आणि पुढे फ्यूजरमध्ये सुमारे २०० अंशांच्या उष्णतेनं वितळून कागदाला धरून बसते. ड्रमवर उरलेली पूड वायपर ब्लेड खरवडून वेगळ्या कप्प्यात टाकते.

ती पूड म्हणजे टोनर. मुळात ते बारीक प्लास्टिक. त्यात काळ्या रंगासाठी कार्बन किंवा लोहाचं ऑक्साइड, थोडं मेण, आणि विद्युतभार नीट धरावा म्हणून आणखी काही द्रव्यं.

या सगळ्यात आधी संपते ती पूड. ती भरता येते. चार-पाच वेळा भरल्यावर ड्रमवर रेघा पडायला लागतात, वायपर ब्लेड झिजते, पानावर काळी सावली यायला लागते. मग ड्रम बदलायचा, ब्लेड बदलायची. ही खरी झीज आहे. डोळ्यांनी दिसते, हाताला लागते. कार्ट्रिज मरतं ते असं.

याचा पुरावा हवा असेल तर दिल्लीच्या नेहरू प्लेसला जा, मुंबईच्या लॅमिंग्टन रोडला, बेंगळुरूच्या एसपी रोडला किंवा चेन्नईच्या रिची स्ट्रीटला. एचपीचा लेझरजेट १०२० आणि कॅननचा एलबीपी २९००, ही दोन नावं घ्या. कुठलाही कारागीर मान डोलावेल. एकात १२ए नावाचं कार्ट्रिज बसतं, दुसऱ्यात ३०३. दोन्ही जवळजवळ जुळी भावंडं, कारण एचपीच्या पहिल्या, १९८४ च्या लेझरजेटपासून आतलं इंजिन कॅनन पुरवत आलं आहे. या दोन्ही कार्ट्रिजांवर चिपच नाही. म्हणून कचेऱ्यांबाहेरच्या टायपिंगच्या टेबलांवर, शाळांच्या ऑफिसांत, वकिलांच्या खोल्यांत हे प्रिंटर अजून चालू आहेत. पूड भरा, झाकण लावा, छापा. कोणाला विचारायचं कामच नाही.

आता चिपवाल्या कार्ट्रिजकडे येऊ.

चिपमध्ये साधारण काय असतं? कार्ट्रिजचा प्रकार, ते कुठल्या प्रदेशासाठी बनवलं तो संकेत, अनुक्रमांक आणि एक मोजणी. पुष्कळांना वाटतं, चिप आतली पूड मोजते. काही यंत्रांत पुडीसाठी वेगळा सेन्सर असतो खरा. पण घरगुती आणि लहान ऑफिसच्या बऱ्याच प्रिंटरांत पूड कोणी मोजत नाही. किती पानं गेली, त्यांवर किती ठिपके छापले, याचा हिशोब प्रिंटर ठेवतो, त्यावरून अंदाज बांधतो आणि चिपवर लिहितो. आकडा शून्यावर आला की शिक्का बसतो, हे संपलं. तो शिक्का पुसता येऊ नये अशीच ती चिप बनवलेली असते.

मी त्याच कार्ट्रिजमध्ये काठोकाठ पूड भरली, तरी प्रिंटर चिपला विचारतो आणि चिप म्हणते, संपलं. डबा गव्हानं भरलाय आणि वहीत लिहिलंय रिकामा. प्रिंटर डब्यात डोकावत नाही, वही वाचतो.

हे चिपशिवायही करता येतं. ब्रदरच्या अनेक लेझर प्रिंटरांत कार्ट्रिजच्या बाजूला एक छोटं दातेरी चाक असतं. नवं कार्ट्रिज घातलं की ते एकदा फिरतं, आतला खटका दाबतं, आणि प्रिंटर समजतो की नवं आलं. आमच्याकडे टोनर भरला की ते चाक परत मूळ जागी आणून लावतात. पाच मिनिटांचं काम. चाकाला हात घालता येतो. चिपच्या बाबतीत हात घालायची जागा वेगळी आहे, ती पुढे सांगतो.

आधी पैशाचा हिशोब. समजा नवं कार्ट्रिज ३,००० रुपयांचं आहे आणि खोक्यावर लिहिलंय १,५०० पानं. म्हणजे पानाला दोन रुपये. तेच ३०० रुपयांत भरून मिळालं तर पानाला वीस पैसे. ती १,५०० पानंही ठरावीक चाचणीतली असतात, आयएसओ १९७५२ नावाच्या मानकानुसार मोजलेली. तुम्ही फोटो असलेले फॉर्म छापत असाल तर तेवढी निघत नाहीत. शिवाय नव्या प्रिंटरसोबत पुष्कळदा कमी पूड भरलेलं सुरुवातीचं कार्ट्रिज येतं. आता ज्या बाईचं दुकान पानामागे दोन-तीन रुपये घेण्यावर चालतं, तिचं पोट या दोन रुपये आणि वीस पैसे यांच्या फरकात असतं.

कंपन्यांची बाजूही ऐकू. एचपीचे तेव्हाचे प्रमुख एन्रिके लोरेस जानेवारी २०२४ मध्ये एका वाहिनीवर उघडच बोलले. प्रिंटर विकताना आम्ही तोटा सोसतो, पैसे मिळतात ते पुढे कार्ट्रिजांवर. जो ग्राहक पुरेसं छापत नाही किंवा आमचं कार्ट्रिज वापरत नाही, तो आमच्यासाठी फसलेली गुंतवणूक आहे. अशा आशयाचं ते बोलणं होतं. मला त्यांच्या स्पष्टपणाचं कौतुक वाटतं. आपल्याला वाटत होतं, आपण प्रिंटर घेतला. त्यांच्या वहीत लिहिलंय, त्यांनी आपल्यात पैसे गुंतवले.

यंत्र स्वस्त आणि पुढचं सामान महाग, हा धंदा जुना आहे. दाढीच्या पात्यांपासून चालत आलाय. कोणी कुठली किंमत लावावी, याबद्दल माझं भांडण नाही. विकून झाल्यावर, पैसे घेऊन झाल्यावर, माझ्या टेबलावरच्या यंत्रानं अजून दुसऱ्याचं ऐकावं, इथे माझा प्रश्न सुरू होतो. आणि तो प्रश्न राहतो फर्मवेअरमध्ये.

फर्मवेअर म्हणजे प्रिंटरच्या आत कायम बसलेला प्रोग्रॅम. कागद ओढ, ड्रम फिरव, फ्यूजर तापव, ही सगळी हुकमत त्याची. त्यातच कुठेतरी हा छोटा प्रश्न लिहिलेला असतो. चिप ओळखीची आहे का, आणि तिच्यात शिल्लक आहे का? असेल तर छाप. नसेल तर लाल दिवा लाव आणि थांब.

फर्मवेअर बदलणं म्हणजे मुख्यतः या एका फाट्यावरची पाटी बदलणं. चिप असो वा नसो, शिल्लक दाखवो वा न दाखवो, छाप. कागद ओढण्याचं, फ्यूजर तापवण्याचं काम जसंच्या तसं राहतं.

सॅमसंगचे छोटे लेझर प्रिंटर खूप विकले गेले, त्या काळात ही गोष्ट बाजारात सर्रास झाली. एमएल-१६४०, एमएल-२१६०, एससीएक्स-३२०० ही नावं जुन्या कारागिरांना तोंडपाठ असतील. त्याला आम्ही नुसतं ‘फिक्स’ म्हणतो. प्रिंटरच्या माहितीचं पान छापायचं, त्यावरची आवृत्ती आणि अनुक्रमांक पाठवायचा, त्या प्रिंटरपुरती फाइल विकत यायची. ती यूएसबीवरून चढवली की चिप काढून टाकली तरी प्रिंटर चालायचा. पुढे सॅमसंगनं हा सगळा धंदा १०५ कोटी डॉलरना एचपीला विकला. नोव्हेंबर २०१७ मध्ये तो व्यवहार पूर्ण झाला. पण ‘फिक्स’ केलेले ते प्रिंटर अजून आमच्याकडे साफसफाईला येतात, आणि तसेच छापत परत जातात.

आणखी एक गंमत सांगतो. मघाचा लेझरजेट १०२० फर्मवेअर स्वतःजवळ ठेवतच नाही. चालू केला की संगणक त्याला दर वेळी ते पाठवतो. बंद केला की विसरला. म्हणजे फर्मवेअर ही काही यंत्रात कोरलेली गूढ गोष्ट नाही. ती एक फाइल आहे.

आणि प्रिंटरचा प्रोग्रॅम आपल्या सोयीनं बदलावा, ही इच्छाही नवी नाही. १९८० च्या सुमारास अमेरिकेत एमआयटीच्या प्रयोगशाळेत रिचर्ड स्टॉलमन काम करत होते. आधीच्या प्रिंटरच्या प्रोग्रॅममध्ये त्यांनी एक सोय घातली होती. कागद अडकला की वाट बघणाऱ्यांना निरोप जायचा. मग झेरॉक्सचा नवा लेझर प्रिंटर आला, पण त्याच्या प्रोग्रॅमचा मूळ मजकूर मिळाला नाही, आणि ती सोय घालता येईना. हा राग पुढे मुक्त सॉफ्टवेअरच्या चळवळीमागच्या कारणांपैकी एक झाला, असं ते स्वतः सांगत आले आहेत. त्यांना कोणाचे पैसे बुडवायचे नव्हते. अडकलेला कागद वेळेवर कळावा, एवढंच हवं होतं.

आता फर्मवेअरची दुसरी बाजू बघा. तुम्ही ते बदलू शकता, तसं तिकडूनही कोणी बदलू शकतं.

सप्टेंबर २०१६ मध्ये एचपीच्या ऑफिसजेट वर्गातल्या बऱ्याच शाईच्या प्रिंटरांनी एकाच दिवशी इतर कंपन्यांची कार्ट्रिजं नाकारायला सुरुवात केली. आदल्या दिवशी तीच कार्ट्रिजं चालत होती. तारीख फर्मवेअरमध्ये आधीच घालून ठेवली होती. आरडाओरडा झाल्यावर कंपनीनं लोकांना नीट सांगितलं नाही म्हणून माफी मागितली, आणि ज्यांना हवं त्यांच्यासाठी तो अडसर काढणारं फर्मवेअर दिलं. अमेरिकेतल्या दाव्यात २०१८ मध्ये १५ लाख डॉलरची तडजोड झाली. इटलीच्या स्पर्धा आयोगानं डिसेंबर २०२० मध्ये एचपीला एक कोटी युरोचा दंड केला. कार्ट्रिजांवरचे हे निर्बंध खरेदीच्या वेळी ग्राहकाला स्पष्ट सांगितले नव्हते, हा त्यातला मोठा आक्षेप होता.

हे परदेशातलं झालं. आमच्याकडे काय होतं ते सांगतो. टायपिंग आणि फॉर्म भरून देण्याचं दुकान चालवणाऱ्या एक ताई माझ्या जुन्या गिऱ्हाईक. ऐन प्रवेशाच्या दिवसांत प्रिंटर उचलून घेऊन आल्या.

“भाऊ, काल रात्री बंद केला तेव्हा छान चालत होता. सकाळपासून म्हणतोय, हे कार्ट्रिज चालणार नाही.”

“ताई, मध्ये काही अपडेट झालं का?”

“रात्री लॅपटॉपवर काहीतरी विचारत होतं. मुलानं ‘हो’ दाबलं.”

कार्ट्रिज कालचंच. पूड कालचीच, ड्रम कालचाच. रात्रीतून बदलला तो फक्त प्रोग्रॅम. कंपनीचं नाव सांगायची गरज नाही. त्या मॉडेलचं फर्मवेअर मागच्या आवृत्तीवर नेता येत नव्हतं आणि बदललेलं फर्मवेअर ते स्वीकारत नव्हतं. ताईंनी त्या दिवशी नवं कार्ट्रिज विकत घेतलं. बाहेर पोरं फॉर्म घेऊन उभी होती, दुसरं करणार काय? तीन दिवसांची कमाई त्यात गेली. यंत्र बिघडलं असतं तर त्यांनी नशिबाला बोल लावला असता. पण बिघडलं काहीच नव्हतं.

तुम्ही म्हणाल, मग सरळ सगळ्या प्रिंटरांचं फर्मवेअर बदलून टाकू. इथे मी हात वर करून तुम्हाला थांबवतो.

२०११ मध्ये कोलंबिया विद्यापीठाच्या आंग कुई आणि साल्व्हातोरे स्टोल्फो या संशोधकांनी दाखवलं, की एचपीच्या काही लेझरजेट प्रिंटरांत छपाईच्या कामाच्या वेषात खोटं फर्मवेअर घुसवता येतं. छापायला दिलेला कागद साधा दिसतो, आणि आतून प्रिंटर परक्याच्या ताब्यात जातो. प्रिंटर ऑफिसच्या नेटवर्कवर असतो. पगाराची पत्रकं, आधारच्या प्रती, करारनामे त्यातून जातात. कंपनीनं त्यावर दुरुस्ती काढली. प्रिंटरचं फर्मवेअर डिजिटल सहीशिवाय चढू नये, या आग्रहामागे हे खरं कारण आहे.

ही सही म्हणजे जुन्या काळातल्या लाखेच्या मोहोरेसारखी. पत्र आलं, मोहोर कंपनीची असेल तर प्रिंटर ते उघडतो. नसेल तर परत. चोराला अडवायला ही मोहोर चांगलीच आहे. अडचण एवढीच, की मोहोर एकाच्याच हातात आहे, आणि तीच मोहोर मालकालाही अडवते. सुरक्षेचं कुलूप आणि धंद्याचं कुलूप एकाच किल्लीनं लावलेलं आहे. म्हणून ‘हे तुमच्या सुरक्षेसाठी आहे’ असं कंपनी म्हणते तेव्हा ते पूर्ण खोटं नसतं. पूर्ण खरंही नसतं.

आणि आमच्या बाजूनंही खरं बोलू. अनोळखी माणसानं पाठवलेली फर्मवेअरची फाइल म्हणजे घराची किल्ली अनोळखी माणसाकडून करून घेणं. कुलूप उघडेलच. पण त्यानं आपल्यासाठी एक किल्ली ठेवली नसेल कशावरून?

कायद्याचं काय, हा प्रश्न प्रत्येक ठिकाणी येतो.

अमेरिकेत हा खटला लेक्समार्क कंपनीनं लढवला. त्यांच्या टोनरच्या चिपवर एक छोटा प्रोग्रॅम होता. एका मॉडेलसाठी ३७ बाइटचा, दुसऱ्यासाठी ५५ बाइटचा. आपल्या एका एसएमएसपेक्षा लहान. स्टॅटिक कंट्रोल नावाच्या कंपनीनं त्याला जुळणाऱ्या चिपा बनवल्या, तेव्हा लेक्समार्कनं कॉपीराइटच्या कायद्याखाली दावा लावला. खालच्या कोर्टानं मनाई केली. वरच्या कोर्टानं २००४ मध्ये ती उठवली. प्रिंटर विकत घेतलेल्याला त्यातला प्रोग्रॅम एरवीही वाचता येतो, मग ही चिप कसलं कुलूप, अशी त्या निकालाची दिशा होती. पुढे हीच कंपनी पेटंटचा मुद्दा घेऊन वेस्ट व्हर्जिनियातल्या एका लहान कंपनीविरुद्ध सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली. ३० मे २०१७ ला निकाल लागला. वस्तू एकदा विकली की त्या वस्तूवरचा पेटंटचा हक्क संपला. भरलेलं कार्ट्रिज पुन्हा विकणाऱ्याला त्या हक्कानं अडवता येणार नाही. मजा म्हणजे, निकालाच्या आधीच स्टॅटिक कंट्रोल आणि लेक्समार्क दोन्ही चीनच्या एकाच उद्योगसमूहाच्या छत्राखाली आल्या होत्या. भांडणारे एका घरात राहायला गेले, पण निकाल आपल्या कामाचा राहिला.

भारतात २०१२ च्या दुरुस्तीनं कॉपीराइट कायद्यात ६५ए हे कलम आलं. तांत्रिक कुलूप तोडणं हा त्यात गुन्हा आहे, पण कॉपीराइटचं उल्लंघन करण्याच्या हेतूनं तोडलं तर. कायद्यानं मनाई नसलेल्या कामासाठी केलं तर ते कलम लागू होत नाही. आणि कलम ५२ सांगतं, की प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे ज्याच्याकडे आहे, त्यानं तो ज्या कामासाठी दिला त्या कामासाठी वापरता यावा म्हणून त्यात फेरफार करणं, किंवा तो कसा चालतो याचा अभ्यास करणं, हे उल्लंघन नाही. प्रिंटर छापण्यासाठीच दिलेला असतो ना? पण नीट लक्षात घ्या. स्वतःच्या प्रिंटरमध्ये बदल करणं वेगळं, आणि कंपनीचा अख्खा प्रोग्रॅम बदलून त्याच्या प्रती बाजारात विकणं वेगळं. दुसरं काम करणाऱ्यानं आधी वकील गाठावा. आणि भरलेलं कार्ट्रिज मूळ कंपनीच्या खोक्यात घालून नवं म्हणून विकणं ही सरळ फसवणूक आहे. त्यावर छापे पडतात ते योग्यच.

आपल्या सरकारच्या ग्राहक व्यवहार विभागानं २०२२ मध्ये दुरुस्तीच्या हक्कासाठी समिती नेमली. सुरुवातीला शेतीची अवजारं, मोबाइल आणि टॅब्लेट, घरातली टिकाऊ उपकरणं आणि वाहनं अशी क्षेत्रं घेतली. त्याच्या आधी, २०१४ मध्ये, स्पर्धा आयोगानं सुटे भाग आणि दुरुस्तीची माहिती खुल्या बाजारात येऊ न दिल्याबद्दल १४ मोटार कंपन्यांना मिळून सुमारे २,५४५ कोटींचा दंड लावला होता. त्यावर पुढे कोर्टकचेऱ्या झाल्या, पण विचार पटण्यासारखा होता. मोटारीला जो न्याय, तो प्रिंटरला का नको? आपल्या ई-कचऱ्याच्या नियमांत तर प्रिंटरसोबत कार्ट्रिजचंही नाव आहे. एकीकडे कायदा म्हणतो हा कचरा कमी करा, दुसरीकडे चांगलं कार्ट्रिज शिक्का मारून कचऱ्यात पाठवलं जातं.

आता कामाचं बोलतो. माझ्या दुकानात फर्मवेअर बदलणं ही शेवटची पायरी आहे. पहिली पायरी नाही.

पहिली पायरी, सेटिंग बघणं. काही प्रिंटर ‘टोनर संपला’ म्हणतात, पण पुढे चालू ठेवण्याची सोय मेन्यूत देतात. ती सुरू करायची. आपोआप होणारं अपडेट बंद करायचं.

दुसरी पायरी, चिप बदलणं. पुष्कळ मॉडेलांसाठी वेगळी चिप स्वस्तात मिळते. जुनी काढायची, नवी चिकटवायची. प्रोग्रॅमला हात लागत नाही, वॉरंटीचा वादही कमी होतो.

तिसरी पायरी फर्मवेअर. तेव्हाच, जेव्हा प्रिंटर वॉरंटीबाहेर आहे, चिप मिळत नाही, आणि मालकाला सगळं समजावून सांगितलंय. मॉडेल, आवृत्ती आणि अनुक्रमांक तीनदा जुळवून बघायचे. प्रिंटर आणि संगणक दोन्ही यूपीएसवर ठेवायचे, कारण फाइल चढताना वीज गेली तर प्रिंटरची वीट होते. फाइल कोणाकडून आली, त्याची नोंद ठेवायची. आणि बदल केलेला प्रिंटर शक्यतो यूएसबीवरच चालवायचा. बँकेच्या, दवाखान्याच्या किंवा सरकारी कचेरीच्या नेटवर्कवरच्या प्रिंटरला मी हे करत नाही. कोणी कितीही पैसे दिले तरी नाही. प्रिंटरवर चिठ्ठी लावायची, की यातलं फर्मवेअर बदललेलं आहे. उद्या तो दुसऱ्याला विकला तर त्याला कळायला हवं.

आणि पूड चांगली वापरा. चिप फसली तरी फ्यूजर फसत नाही. चुकीची पूड नीट वितळत नाही, बोटानं पुसली जाते, ड्रम खराब करते. भरताना मास्क लावा. सांडली तर घरातल्या साध्या व्हॅक्यूम क्लीनरनं ओढू नका, ती बारीक पूड त्याच्या गाळणीतून परत हवेत येते. ओल्या फडक्यानं, गार पाण्यानं पुसा. गरम पाण्यानं ती कपड्याला कायमची धरते.

जे नवा प्रिंटर घेणार आहेत, त्यांच्यासाठी हे सगळं दुरुस्तीचं पुराण गरजेचं नाही. दुकानात तीन प्रश्न विचारा. याच्या कार्ट्रिजवर चिप आहे का? असली तर भरलेलं कार्ट्रिज हा स्वीकारतो का? आणि पुढच्या अपडेटनंतर हे बदलू शकतं का? खोक्याच्या बाजूला बारीक अक्षरांत पुष्कळदा उत्तर छापलेलं असतं, की हा प्रिंटर फक्त मूळ चिपच्या कार्ट्रिजवर चालेल आणि अपडेटनं इतर कार्ट्रिजं अडवली जाऊ शकतात. ते वाचा. विक्रेत्याला मोठ्यानं वाचायला लावा. शाळेसाठी, ग्रंथालयासाठी, मंडळाच्या कार्यालयासाठी खरेदी करत असाल तर हे प्रश्न कोटेशनच्या कागदावरच लिहून द्या, आणि उत्तर सहीनिशी घ्या. एक ग्राहक विचारतो तेव्हा विक्रेता हसतो. गावातल्या पन्नास शाळा लेखी विचारतात तेव्हा तो कंपनीला फोन करतो.

कंपनीनं नफा कमवावा. चोरापासून प्रिंटर सुरक्षितही ठेवावा. पण मी विकत घेतलेल्या यंत्राला पुडीनं भरलेला डबा रिकामा आहे असं म्हणायला लावू नये. पुडीचा हिशोब चुकला तर मी तो पानावर बघीन, फिकट अक्षर दिसलं की माझं मी ठरवीन. तेवढं ठरवणं माझ्याकडे राहू द्या.